अर्जाला उत्तर

१ मार्च १९४९ रोजी कोल्हापूर संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. छत्रपती शहाजी महाराजांची राजवट संपली आणि तिच्याबरोबर संस्थानचे स्वतःचे हायकोर्टही. विलीनीकरणाचा इतिहास लिहिणारे प्रजा परिषदेबद्दल लिहितात, भाई माधवराव बागल आणि देशभक्त रत्नाप्पा कुंभार यांच्याबद्दल लिहितात, आणि ते योग्यच आहे. पण त्या दिवशी करवीर किंवा शिरोळकडच्या साध्या माणसाच्या बाबतीत आणखी एक गोष्ट घडली. दाद मागण्याचे शेवटचे ठिकाण कालपर्यंत त्याच्या बाजाराच्या गावात होते. ते आता पावणेचारशे किलोमीटरवर, मुंबईच्या फोर्टात जाऊन बसले.

त्यानंतर अकरा महिन्यांनी राज्यघटना अमलात आली आणि त्याच माणसाला असा एक हक्क मिळाला, जो त्याच्या आजोबा-पणजोबांना कोणत्याही राजाने लेखी दिला नव्हता. सरकारी कचेरी अर्जावर बसून राहिली, तर तिला ‘यावर निर्णय घे’ असे उच्च न्यायालयाकडून बजावून घेण्याचा हा हक्क. हक्क हाती आला तेव्हा दार लांब गेलेले होते. कोल्हापुरात पुढची शहात्तर वर्षे या विसंगतीत गेली, आणि तिची झळ ज्यांना जास्त लागली त्यांत घरकुलाचा अर्ज केलेली माणसे होती. घर नसलेल्या माणसाला मुंबईची वारी परवडत नाही.

न्यायालयाचा असा आदेश दिसायला अगदी लहान असतो. घर द्या असे तो म्हणत नाही, पैसे द्या असेही म्हणत नाही. अर्जदाराचा प्रलंबित अर्ज इतक्या आठवड्यांत कायद्याप्रमाणे निकाली काढा, एवढेच त्यात असते. वर्तमानपत्रात त्याची चौकटसुद्धा येत नाही. तरीही हा आदेश इथवर पोचायला सव्वाशे-दीडशे वर्षे लागली, आणि त्या प्रवासातले काही टप्पे आपल्याच मुलखातले आहेत.

मर्जीचा काळ

शाहू महाराज १८९४ मध्ये गादीवर आले आणि १९२२ मध्ये गेले. या अठ्ठावीस वर्षांत कोल्हापुरात गाऱ्हाणे कोठे घालायचे, हा प्रश्न फारसा पडत नसे. महाराज सोनतळीच्या कॅम्पवर असोत की दौऱ्यावर, माणसे वाटेत गाठून सांगत आणि निकाल कित्येकदा तिथल्या तिथे लागे. फासेपारध्यांचे उदाहरण जिल्ह्यात सर्वांना ठाऊक आहे. चोर म्हणून ज्यांना गावकुसाबाहेरही कोणी टिकू देत नव्हते, त्यांना महाराजांनी सोनतळीला वसवले, राहायला घरे दिली आणि पहाऱ्याच्या नोकऱ्या दिल्या. निवारा आणि रोजगार एका हुकमात आले. १९१८ मध्ये महार वतने रद्द करून त्या जमिनी रयतावा केल्या, काही जातींच्या माथी मारलेली पोलिसी हजेरी बंद केली. हे हुकूम आज वाचले तरी त्यांतली तातडी जाणवते.

पण ही सारी व्यवस्था एका माणसाच्या न्यायबुद्धीवर उभी होती. अर्ज ऐकला जाई तो राजाने ऐकायचे ठरवले म्हणून. त्याने ऐकले नाही, किंवा ऐकणारा राजा जाऊन दुसरा आला, तर राजाच्या कारभाराविरुद्ध दाद मागायला जागा नव्हती. संस्थानचे हायकोर्ट जमिनीचे वाद आणि खटले चालवी. दरबाराच्या कामकाजाला आज्ञा करणे हे त्याचे काम नव्हते. १९३९ मध्ये जयसिंगपूरला प्रजा परिषद स्थापन झाली, तिच्या जबाबदार राज्यपद्धतीच्या मागणीत ही उणीवही होती. चांगला राजा मिळणे हे नशीब आहे, आणि नशिबावर कारभार चालवता येत नाही, हे शाहू महाराजांवर जीव असलेल्या माणसांनीच ओळखले होते.

घाट न चढलेला हुकूम

मग इंग्रजी मुलखात तरी काय होते? तिथेही सरकारला जाब विचारणारे हुकूम मुंबई बेटापुरते होते, आणि हे ठरले पुण्यातल्या एका प्रकरणावरून.

मुंबईत इंग्लंडच्या राजाच्या सनदेने सुप्रीम कोर्ट स्थापन झाले ते १८२० च्या दशकात. १८२८ मध्ये या कोर्टाने पुण्यातल्या मोरो रघुनाथ नावाच्या अल्पवयीन मुलासाठी हुकूम काढला: त्याला ज्यांनी ठेवून घेतले आहे त्या पांडुरंग रामचंद्र या नातलगांनी त्याला कोर्टापुढे आणावे. पांडुरंग रामचंद्र हे पेशवाईतल्या बड्या घराण्यातले. गव्हर्नर सर जॉन माल्कम यांना भीती वाटली, की मुंबईच्या कोर्टाचे हुकूम असे दख्खनभर फिरू लागले तर सरदारांना दिलेली वचने आणि सरकारचा दरारा दोन्ही जातील. त्यांनी हुकूम बजावू दिला नाही. कोर्टाचे दोन न्यायाधीश, वेस्ट आणि चेंबर्स, त्याच वर्षी वारले. एकटे उरलेले सर जॉन पीटर ग्रँट यांनी १ एप्रिल १८२९ रोजी निषेध म्हणून कोर्टच बंद केले. प्रकरण लंडनला प्रिव्ही कौन्सिलपुढे गेले. कौल माल्कम यांच्या बाजूने लागला: मुंबई बेटाबाहेरच्या एतद्देशीयांवर अशा हुकमाची सत्ता चालत नाही.

पुढे १८६२ मध्ये मुंबई हायकोर्ट आले, तरी ही मर्यादा सरकारी अधिकाऱ्याला काम करायला लावणाऱ्या हुकमाच्या बाबतीत कायम राहिली. १८७७ च्या विशिष्ट दाद कायद्याच्या ४५व्या कलमाने सार्वजनिक पदावरच्या माणसाला त्याचे कर्तव्य करायला लावण्याचा अधिकार हायकोर्टांना दिला, पण तो मुंबई, मद्रास, कलकत्ता अशा इलाखा शहरांच्या हद्दीपुरता. मुंबईत म्युनिसिपालिटीने अर्ज अडकवला तर नागरिक हायकोर्टात जाऊ शकत होता. साताऱ्याला, सोलापूरला, रत्नागिरीला त्याच सरकारच्या अमलाखाली राहणाऱ्याला ते दार बंद. कोल्हापूर तर संस्थान. त्याचा प्रश्नच नव्हता.

हे कुंपण २६ जानेवारी १९५० ला निघाले. घटनेच्या २२६व्या अनुच्छेदाने प्रत्येक उच्च न्यायालयाला आपल्या संपूर्ण प्रदेशात, कोणत्याही शासकीय प्राधिकरणाला आदेश काढण्याचा अधिकार दिला. हा अधिकार मूलभूत हक्कांपुरताही बांधलेला नाही. कायद्याने दिलेल्या इतर हक्कांसाठीही तो वापरता येतो. ही घटना घडवणाऱ्या संविधान सभेत शिरोळ तालुक्यातल्या निमशिरगावचे रत्नाप्पा कुंभार सदस्य होते. ज्या मुलखात मुंबईचा हुकूम कधी पोचला नव्हता, तिथला माणूस तो हुकूम सर्वांना खुला करणाऱ्या सभेत बसला होता.

घटनेतल्या अशा नव्या अधिकारांचा उपयोग छोट्या माणसांनी लगेच केला. १९५० च्या मे महिन्यातच उत्तर प्रदेशातल्या कैराना नगरपालिकेचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले. एका घाऊक भाजीविक्रेत्याला परवाना हवा होता आणि नगरपालिकेकडे तो देण्याचा नियमच नव्हता. नियम नाही, म्हणून परवाना नाही, म्हणून धंदा नाही, वर खटला, असा तो पेच. न्यायालयाने नगरपालिकेला त्याचा धंदा अडवू नका असे सांगितले आणि खटला मागे घ्यायला लावले. रिट, म्हणजे सरकारला आज्ञा करणारा न्यायालयाचा असा आदेश, ही बड्या लोकांची चैन नाही, हे पहिल्याच वर्षी दिसले.

घर हे सरकारचे काम होते तेव्हा

कोल्हापुरात नगरपालिका १८५४ पासून आहे, महानगरपालिका १९७२ च्या डिसेंबरात झाली. जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्या १९६२ च्या महाराष्ट्र दिनी आल्या. पण घरासाठी अनुदान मागावे आणि ते या संस्थांनी मंजूर करावे, ही कल्पना बरीच उशिरा आली. सरकार रस्ते करी, धरणे बांधी, शाळा काढी. घर ज्याचे त्याने बांधायचे.

१९८५ हे वर्ष यात महत्त्वाचे. त्या वर्षी ग्रामीण भूमिहीनांच्या रोजगार कार्यक्रमाचा भाग म्हणून इंदिरा आवास योजना सुरू झाली. त्याच वर्षी १० जुलैला सर्वोच्च न्यायालयाने मुंबईच्या फुटपाथवासीयांच्या याचिकेवर निकाल दिला. पत्रकार ओल्गा टेलिस यांच्या नावाने ओळखला जाणारा हा निकाल सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांचा. फुटपाथवर राहण्याचा हक्क न्यायालयाने मान्य केला नाही. पण उपजीविका हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे, आणि माणसाला उठवण्याआधी त्याचे म्हणणे ऐकले पाहिजे, असे सांगितले. १९७६ च्या गणनेत ज्यांची नोंद होती त्यांना पर्यायी जागा द्यायला लावली. पुढे १९९० च्या दशकात सर्वोच्च न्यायालयाने निवाऱ्याला जगण्याच्या हक्कातच जागा दिली. सरकारने पैसे ठेवले आणि न्यायालयाने म्हणणे ऐकण्याचे बंधन घातले. घरकुलाचा अर्ज या दोन्हींच्या मध्ये उभा राहिला.

१९९६ पासून इंदिरा आवास स्वतंत्र योजना झाली. महाराष्ट्राने अनुसूचित जाती आणि नवबौद्धांसाठी २००८ मध्ये रमाई आवास योजना आणली. आदिवासींसाठी शबरी आवास. शहरांसाठी २०१५ मध्ये प्रधानमंत्री आवास योजना आली आणि गावांत २०१६ पासून इंदिरा आवासची जागा तिच्या ग्रामीण भागाने घेतली. सपाटीवरच्या गावांसाठी घरामागे एक लाख वीस हजार रुपये, किमान २५ चौरस मीटर घर, शिवाय रोजगार हमीतून ९० दिवसांची मजुरी आणि शौचालयाचे बारा हजार. वीट, सिमेंट, सळी यांचे भाव वाढत गेले आणि मूळ आकडा तिथेच थांबला. अखेर २०२५ मध्ये राज्य सरकारने आपल्या पदरचे पन्नास हजार वाढवण्याची घोषणा केली.

या योजनांत अर्ज कसा अडकतो, हे गावात सर्वांना तोंडपाठ आहे. नाव आधी यादीत हवे. २०११ च्या सामाजिक-आर्थिक सर्वेक्षणात नाव नसले तर ‘ड’ यादी, तीही ग्रामसभेने ठरवायची. यादीत नाव आले तरी त्या वर्षीचे उद्दिष्ट संपले तर पुढच्या वर्षी. उद्दिष्टात बसले तर आठ-अ चा उतारा. जागा चार भावांच्या नावावर असेल तर तिघांची संमती, त्यातला एक पुण्याला, एक बोलत नाही. जागाच नसेल तर जागाखरेदीची पंडित दीनदयाळ योजना, पण तिच्या पैशांत गावठाणाजवळ तुकडा मिळेल तर. ग्रामसेवक म्हणतो कागद पंचायत समितीत गेले. गटविकास अधिकाऱ्यांच्या टेबलावर त्रुटी निघाली. त्रुटी काय ते कोणी लेखी सांगत नाही. यात ‘नाही’ असे कोणीच म्हणत नाही. ‘नाही’ म्हटले असते तर अपील तरी करता आले असते.

गायरानातल्या घराची गत याहून अवघड. तिथे तीन पिढ्या राहिलेल्या माणसाकडे घरफाळ्याची पावती असते, विजेचे बिल असते, मालकी नसते. १६ फेब्रुवारी २०१८ च्या शासन निर्णयाने १ जानेवारी २०११ पूर्वीची सरकारी जागेवरची ग्रामीण निवासी अतिक्रमणे नियमित करण्याचा मार्ग काढला, म्हणजे त्या घरांना अनुदान घेता येईल. अर्ज झाले. ते पडून असतानाच ऑक्टोबर २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने स्वतःहून दाखल केलेल्या याचिकेत गायरानांवरची अतिक्रमणे काढण्याचा विषय ऐरणीवर आला. राज्यभरातली संख्या दोन लाखांवर होती. गावोगाव नोटिसा लागल्या. ज्याचा नियमित करण्याचा अर्ज चार वर्षे टेबलावर होता, त्यालाच आता घर का पाडू नये असे विचारले जात होते. अर्जाला वेळेवर उत्तर मिळाले असते, होय किंवा नाही, तर हा पेच निदान प्रत्येकाच्या बाबतीत वेगळा करून पाहता आला असता.

पुराने लावलेला हिशेब

कोल्हापूर जिल्ह्यात घराचा प्रश्न पावसाळ्यात तीव्र होतो. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची इशारा पातळी ३९ फूट, धोक्याची ४३. ऑगस्ट २०१९ मध्ये पाणी ५५ फुटांच्या वर गेले आणि कित्येक दिवस उतरले नाही. जुलै २०२१ मध्ये पुन्हा तेच. शिरोळ आणि करवीर तालुक्यांत मातीच्या भिंतींची घरे पाणी चढताना उभी राहतात आणि पाणी उतरताना बसतात. म्हणून पंचनामा कोणत्या दिवशी झाला यावर बरेच काही ठरते.

२०२१ च्या पुरानंतर राज्य सरकारने जाहीर केलेले दर असे होते: घर पूर्ण पडले तर दीड लाख, निम्मे पडले तर पन्नास हजार, पाव पडले तर पंचवीस हजार, १५ टक्के पडझड असेल तर पंधरा हजार. तलाठ्याने कागदावर कोणता रकाना भरला, यावर एका कुटुंबाच्या पदरात पंधरा हजार पडतात की दीड लाख, हे ठरणार. पाणी असताना भिंत उभी दिसली म्हणून ‘अंशतः’ लिहिले आणि आठ दिवसांनी ती भिंत आत कोसळली, असे झाले की फेरपंचनाम्याचा अर्ज आलाच. तो अर्ज तहसीलमध्ये पडून राहिला की कुटुंब भाड्याच्या खोलीत किंवा नातलगांच्या सोप्यात दिवस काढते. दरम्यान आवास योजनेच्या यादीतल्या नावाला ‘पूरग्रस्त म्हणून मदत घेतली का’ असा शेरा लागतो आणि मदत दोन्हीकडून थांबते.

प्रयाग चिखली आणि आंबेवाडीच्या लोकांना पुरातून कायमचे बाहेर काढण्यासाठी सोनतळीला भूखंड देण्याचा विषय कित्येक महापुरांपूर्वीचा आहे. म्हणजे जिथे एका राजाने एका हुकमात पारध्यांना घरे दिली, तिथेच लोकशाहीतल्या पुनर्वसनाचे कागद वर्षानुवर्षे फिरत राहिले. यावरून राजा बरा असे म्हणण्याचा मोह होतो, पण तो खरा निष्कर्ष नव्हे. राजाकडे एकच प्रश्न एका वेळी येई आणि निकालाला कारण द्यावे लागत नसे. आज हजारो अर्ज आहेत, मोजके उद्दिष्ट आहे, आणि एकाला दिले तर दुसऱ्याला का नाही, याचे उत्तर द्यावे लागते. खोळंबा यातून येतो. म्हणूनच कारणासह उत्तर देण्याची सक्ती करणारे कोणीतरी बाहेर असावे लागते.

‘आठ आठवड्यांत’

रिट दाखल होते तेव्हा प्रतिवादी साधारण ठरलेले: महाराष्ट्र शासन, जिल्हाधिकारी किंवा जिल्हा परिषदेचे मुख्य कार्यकारी अधिकारी, गटविकास अधिकारी, ग्रामपंचायत; शहरात महापालिका आयुक्त. सुनावणीत बहुधा खडाजंगी होत नाही. सरकारी वकील सांगतात की अर्ज विचाराधीन आहे. न्यायालय म्हणते, मग विचार संपवा. चार, सहा, आठ किंवा बारा आठवड्यांची मुदत पडते; अर्जदाराला बाजू मांडण्याची संधी द्या, निर्णय कारणांसह द्या आणि तो त्याला कळवा, असे लिहिले जाते. अर्ज योग्य की अयोग्य यावर आम्ही काही म्हटलेले नाही, हेही आवर्जून लिहिले जाते.

यामागचे तर्कशास्त्र साधे आहे. अनुदान मिळेलच असा हक्क कोणाला नाही. योजना आहे, निकष आहेत, पैसा मर्यादित आहे. पण निकषांवर आपला अर्ज तपासला जावा, इतरांना जी फूटपट्टी लावली तीच आपल्याला लावावी, हा हक्क समानतेच्या अनुच्छेदातून येतो. न्यायालयाने स्वतःच घर मंजूर करायला सुरुवात केली तर ग्रामसभेची यादी आणि उद्दिष्टाचा क्रम यांना अर्थ राहणार नाही. म्हणून न्यायालय अधिकाऱ्याच्या जागी बसत नाही, त्याला त्याच्या जागी बसवते.

या आदेशाचे दुबळेपणही न्यायव्यवस्थेने स्वतः ओळखले आहे. सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती आर. व्ही. रवींद्रन यांनी २००८ च्या सी. जेकब प्रकरणात याबद्दल स्पष्ट इशारा दिला. नोकरी गेल्यानंतर जवळपास दोन दशकांनी एकाने निवेदन दिले, न्यायालयाकडून ‘विचार करा’ असा आदेश आणला आणि विचार होऊन नकार आल्यावर त्या नकाराला आव्हान देत मेलेला दावा जिवंत केला, असा तो प्रकार. निरुपद्रवी दिसणारे आदेश मुदत संपलेल्या भांडणांना नवी तारीख देतात, हा त्यातला धडा. घरकुलाच्या बाबतीत मात्र धोका बहुतेक वेळा उलट बाजूने येतो. मुदतीच्या शेवटच्या दिवशी दोन ओळींचे पत्र येते: ‘निकषात बसत नसल्याने अर्ज नामंजूर.’ कोणता निकष, कोणता कागद कमी, काही नाही. आदेशाचे पालन झाले, अर्जदार होता तिथेच.

इथे १९७७ चा मोहिंदर सिंग गिल प्रकरणातला निकाल कामाला येतो. प्राधिकरणाचा निर्णय त्यात लिहिलेल्या कारणांवरच उभा राहिला पाहिजे, नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणे चिकटवता येणार नाहीत, असे तो सांगतो. दोन ओळींच्या नकाराला आव्हान द्यायला ही पक्की पायरी आहे. ‘विचाराधीन’ या शेऱ्याविरुद्ध लढता येत नाही, लेखी नकाराविरुद्ध लढता येते. लहान आदेशाची किंमत यात आहे. आणि मुदत उलटूनही पत्र आलेच नाही, तर १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याखाली अर्ज करता येतो, तोही वर्षाच्या आत. ही मुदत चुकल्याने हातचा आदेश वाया जाऊ शकतो.

दार जवळ आले

हे सगळे कागदावर १९५० पासून होते. पण वरील पायऱ्या मोजल्या तर लक्षात येते की एका अर्जासाठी मुंबईला किती वेळा जावे लागते: वकील गाठायला, प्रतिज्ञापत्र करायला, तारखेला, आदेशाच्या प्रतीला, पुन्हा अवमानासाठी. रात्री महालक्ष्मी एक्स्प्रेसने निघायचे, सकाळी मुंबईत उतरायचे, प्रकरण बोर्डावर आले नाही असे ऐकून परत. दीड लाखाच्या अनुदानासाठी हा खर्च कोण करणार? म्हणून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे खंडपीठ व्हावे ही मागणी वकिलांची असली तरी प्रश्न पक्षकाराचा होता. ती चार दशकांहून जास्त चालली. २०१३ मध्ये सहा जिल्ह्यांतल्या वकिलांनी पन्नासहून अधिक दिवस कामकाजावर बहिष्कार टाकला.

मराठवाड्याने ही वाट आधीच दाखवली होती. राज्य पुनर्रचना कायद्याच्या ५१व्या कलमाच्या तिसऱ्या उपकलमाखाली मुख्य न्यायमूर्तींनी औरंगाबादला १९८१ च्या ऑगस्टमध्ये बैठक सुरू केली, आणि तिला दिलेले आव्हान सर्वोच्च न्यायालयाने पुढच्याच वर्षी फेटाळले. त्याच कलमाखाली मुख्य न्यायमूर्ती आलोक आराधे यांनी १ ऑगस्ट २०२५ ला अधिसूचना काढली. १७ ऑगस्टला सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते उद्घाटन झाले आणि १८ ऑगस्टपासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी सर्किट बेंच सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयाच्या राधाबाई इमारतीत बसू लागले. चंदगडचा माणूस सकाळी निघून संध्याकाळी घरी परतू शकतो, एवढा हा बदल आहे. १९४९ मध्ये जे गेले त्याहून मोठे काही आता परत आले, कारण संस्थानच्या हायकोर्टाकडे सरकारला आज्ञा करण्याचा अधिकार नव्हता आणि या बेंचकडे तो आहे.

योगायोगाने हे घरकुलांच्या मोठ्या लाटेच्या वर्षी घडले. २२ फेब्रुवारी २०२५ ला पुण्यात बालेवाडीला झालेल्या कार्यक्रमात राज्यातल्या वीस लाख लाभार्थ्यांना मंजुरीपत्रे देण्याची घोषणा झाली. एवढी घरे म्हणजे एवढेच पहिले हप्ते, पाया झाल्याचे फोटो, जिओ टॅगिंग, दुसरे हप्ते, आणि यादीत नसलेल्यांचे नवे अर्ज. त्यातला छोटा हिस्सा जरी अडला तरी न्यायालयापुढे येणाऱ्या प्रकरणांची संख्या लहान नसेल. जवळचे न्यायालय अशा अर्जांनी भरून जाणे हा काही कोणाचा विजय नव्हे.

ते टाळण्याची तरतूद कचेऱ्यांच्या स्वतःच्या कायद्यात आहे. महाराष्ट्राने २००५ मध्ये बदल्यांचे नियमन आणि शासकीय कामातल्या दिरंगाईला प्रतिबंध करणारा कायदा केला. अण्णा हजारे यांच्या आंदोलनाचा त्यामागे रेटा होता. कोणतीही फाइल एका कर्मचाऱ्याकडे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये, दुसऱ्या विभागाचा संबंध नसेल तर पंचेचाळीस दिवसांत आणि असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा, असे तो म्हणतो. न्यायालयाच्या ‘आठ आठवड्यांत’ या आदेशात नवे असे फारसे नाही. विधिमंडळाने वीस वर्षांपूर्वी घातलेली मुदत न्यायाधीश पुन्हा लिहून देतात, एवढेच. २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याने त्यात अपिलाची सोय जोडली, पण तो अधिसूचित सेवांपुरता.

म्हणून अर्जदाराने न्यायालयाची पायरी चढण्याआधी काही गोष्टी कराव्यात, अनुभवी वकील हेच सांगतात. अर्ज लेखी द्यावा आणि प्रतीवर तारखेसह पोच घ्यावी. पंचेचाळीस दिवस झाले की २००५ च्या कायद्याचा उल्लेख करून स्मरणपत्र द्यावे. नकार आला तर कारण लेखी मागावे. तरीही काही हलले नाही, तर महिला, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि पूर-दुष्काळासारख्या आपत्तीत सापडलेले यांना १९८७ च्या विधी सेवा कायद्याने मोफत वकील मिळू शकतो. पुरात घर गेलेल्या माणसाला हे बहुधा कोणी सांगत नाही. रिटच्या सुनावणीत सरकारी बाजूचा पहिला प्रश्न अर्ज आमच्याकडे कधी आला हा असतो, आणि पोच असेल तर तो तिथेच मिटतो.